टाइल कटर आणि यत्नाचार

2023 च्या उन्हाळ्यात आमच्या सांगलीच्या घरातील न्हाणीघराच्या फरशा पोकळ वाजू लागल्या. घर बांधून तीस वर्षे होऊन गेली होती. गृहकर्जाचा शेवटचा हप्ता फिटूनही बराच काळ लोटला होता, तेव्हा फरशांनी आपली मुदत संपल्याचे कळवले यात गैर काही नव्हते. गेली वीस-बावीस वर्षे आमच्याकडे येणाऱ्या मिस्त्रींना बोलावणे धाडले. फरशीचा दर चौरस फुटावर ठरतो. आयुष्यभर व्याजाच्या पाव टक्क्यासाठी वाद घालण्यात गेल्यामुळे मी सवयीने घासाघीस केली आणि चौरस फुटामागे चार रुपये कमी करून घेतले. जमीन आणि भिंती मिळून 180 चौरस फूट काम होते. म्हणजे 720 रुपये वाचले.

काम सुरू झाले. परसात जिन्याखाली उकिडवे बसून मिस्त्री हातातल्या मार्बल कटरने फरशा कापीत. यंत्र कर्कश आवाज करीत सुरू झाले की पांढऱ्या धुळीचा लोट उठे आणि क्षणभर खुद्द मिस्त्री दिसेनासे होत. तोंडाला एक रुमाल, तोही घामाने भिजलेला. सायंकाळपर्यंत ती धूळ स्वयंपाकघरातील फडताळात, देवघरात शास्त्राच्या चौरंगावर आणि आईच्या काळापासून चालत आलेल्या पाणी गाळण्याच्या जाड दुहेरी गाळण्यावरही बसलेली असे. तिसऱ्या दिवशी सौ.ने ते गाळणे झटकले, धुतले, पुन्हा न्याहाळले आणि म्हणाली, "आपल्या कापडावर एवढी बसली, तर त्यांच्या छातीत किती बसली असेल?"

मिस्त्रींना खोकला आहे हे मला ठाऊक होते. वय अठ्ठेचाळीस. जिना चढून आले की कठड्याला धरून थोडे थांबतात, हेही मी पाहिले होते. विचारले तेव्हा म्हणाले, क्षयाच्या गोळ्यांचा कोर्स दोनदा झाला, पण दम जात नाही. मग मी त्यांना विचारले की पाणी सोडून का कापत नाही. ते हसले. "साहेब, पाणी सोडायचं तर एक पोरगं बाटली धरून बसवावं लागतंय. मशीन हातातलं, पाणी आत गेलं की झटका बसतोय. मारलेली रेघ पुसून जाते ती वेगळीच. फुटावर काम घ्यायचं, मग कसं परवडणार?"

त्या रात्री मला माझे 720 रुपये आठवले. हजेरीचा खर्च ज्या दरात बसत नाही, त्या दरातून मी आणखी चार रुपये काढून घेतले होते.

पुढे काही दिवस मी या विषयावर वाचन केले. ग्रॅनाइट, वाळूचा दगड आणि आजच्या व्हिट्रिफाइड फरशा यांमध्ये स्फटिकरूप सिलिका असते. कोरडे कापताना तिचे इतके सूक्ष्म कण उडतात की ते नाका-घशात न अडता थेट फुप्फुसाच्या तळापर्यंत जातात आणि तेथेच राहतात. डोळ्यांना दिसणारी धूळ त्या मानाने बरी. ती निदान शिंकेबरोबर, थुंकीबरोबर बाहेर पडते. सूक्ष्म कणांभोवती फुप्फुसात व्रण तयार होतात, फुप्फुस ताठर होत जाते. यालाच सिलिकोसिस म्हणतात. त्यावर बरे करणारे औषध नाही. अशा रुग्णाला क्षय होण्याचा धोका अधिक असतो, आणि पुष्कळदा हा रोग क्षयच समजला जातो. 1948 च्या कारखाने अधिनियमात सिलिकोसिस हा कळवणे बंधनकारक असलेला रोग होता. पण आमच्या जिन्याखाली बसलेला गवंडी कोणत्या कारखान्यात मोडतो? दगडखाणींच्या राजस्थानने 2019 मध्ये या रोगासाठी स्वतंत्र धोरण केले. ऑस्ट्रेलियाने तर स्वयंपाकाच्या ओट्यांसाठी वापरल्या जाणाऱ्या क्वार्ट्झच्या कृत्रिम दगडावर 1 जुलै 2024 पासून बंदीच घातली. आमच्या आजोबांच्या वाड्यातली शहाबादी फरशी चुनखडीच्या जातीची. तिच्यात हे द्रव्य कमी, शिवाय ती छिन्नी-हातोडीने घडवलेली. मुलायम, चकचकीत फरशीची हौस आमच्या पिढीची आहे.

दुसरे न्हाणीघर आणि ओट्यामागची भिंत अजून व्हायची होती. मी ते काम दोन महिने पुढे ढकलले आणि पाण्यावर चालणारा विजेचा टाइल कटर विकत घेतला. निवृत्तीनंतर लोक तीर्थयात्रेला निघतात आणि तुम्ही हे काय आणलेत, असे सौ.ने विचारले खरे. पण खोके उघडताना जवळ उभी राहिली.

यंत्र तसे साधे आहे. लोखंडी टेबल, त्यातील खाचेतून वर आलेली 180 मिलिमीटर व्यासाची चकती, तिच्यावर पारदर्शक झाकण, शेजारी सरकती सरळ पट्टी आणि खाली पाण्याचा ट्रे. चकतीची खालची कड ट्रेमधील पाण्यात बुडालेली असते; फिरताना ती आपले पाणी आपणच वर घेऊन येते. हातातले कटर मिनिटाला बारा-तेरा हजार फेरे घेते, हे यंत्र जेमतेम तीन हजार. येथे यंत्र जागेवर राहते आणि फरशी सरकते. चकतीला दात नसतात, हे मला ठाऊक नव्हते. तिच्या कडेला धातूच्या मिश्रणात हिऱ्याची बारीक कणी बसवलेली असते. कणी बोथट झाली की भोवतालचा धातू झिजतो आणि खालची नवी कणी उघडी पडते. म्हणजे चकती झिजते म्हणूनच कापते. वाणिज्य शाखेत आम्ही ज्याला घसारा म्हणत आलो, तो आयुष्यात प्रथमच मला प्रत्यक्ष पाहायला मिळाला.

शिकताना चुका पुष्कळ झाल्या. पहिली फरशी मी घाईने रेटली; मोटर कण्हू लागली आणि शेवटच्या दोन बोटांवर फरशीचा कोपरा टवका उडून गेला. मिस्त्री शेजारी उभे होते. "साहेब, ढकलू नका, तिला खाऊ द्या," एवढेच म्हणाले. दोन फुटांच्या व्हिट्रिफाइड फरशीला दीड-दोन मिनिटे द्यावी लागतात, आणि शेवटच्या इंचाला तर अधिकच सबुरी लागते. चकाकीची बाजू वर ठेवायची. रेघेवर कागदी चिकटपट्टी लावली तर टवके कमी उडतात आणि रेघही पुसली जात नाही. नहाणी ट्रॅपभोवतीची चौकोनी खाच कापताना चकती गोल असल्याचे भान ठेवावे लागते, कारण वरच्या रेघेशी थांबलो तरी खालच्या अंगाने काप थोडा पुढे गेलेला असतो. तो जमिनीकडे जातो, म्हणून दिसत नाही. हे कळायला माझ्या तीन फरशा गेल्या. फार गुळगुळीत झालेली चकती कापेनाशी होते. मिस्त्रींनी तिच्यावरून जुन्या मऊ विटेचा तुकडा दोनदा फिरवला आणि तिला पुन्हा धार आली.

विजेच्या बाबतीत मात्र मी कोणाचेही ऐकले नाही. पाणी आणि वीज एकत्र आणणारे हे यंत्र आहे, आणि आमच्या जुन्या घरात अर्थिंग नावापुरते होते. वायरमन बोलावून अर्थिंग नवे करून घेतले, 30 मिलिअँपिअरचा गळती-संरक्षक स्विच बसवला आणि मगच यंत्राची पिन प्लगमध्ये घातली. यंत्राची वायर प्लगकडे जाण्यापूर्वी खाली झोल देऊन सोडायची, म्हणजे तिच्यावरून ओघळणारे पाणी प्लगपर्यंत न जाता झोलाच्या तळाशी ठिबकते. हात ओला असेल तर स्विचला लावायचा नाही. चकती बदलताना किंवा ट्रे काढताना नुसता स्विच बंद करून भागत नाही, पिनच काढायची. सैल बाह्यांचा सदरा घालायचा नाही, डोळ्यांना चष्मा, कानांत बोळे आणि पाणी असले तरी तोंडाला मुखपट्टी. ट्रेमधील पाणी कमी झाले की प्रथम आवाज बदलतो आणि मग चकतीमागे पांढरट धुके दिसू लागते. तेथेच थांबून पाणी घालायचे.

पाण्यावरून आमच्या घरात एक वाद झाला. ट्रेमध्ये पाणी ओतायला मी बागेचा नळ सोडला, तर सौ. गाळणे घेऊन पुढे आली. मी हसलो. चिखल होणार असलेल्या पाण्याला गाळणे कशाला? ती म्हणाली, "चिखल यंत्राचा होणार आहे. जीव आपल्या हातून जाणार आहेत." उत्तर सुचले नाही, म्हणून पाणी गाळून घातले. दोन घटिका झाल्या की पुन्हा गाळण्याचा प्रश्न आम्ही सुचवला नाही आणि तिनेही उपस्थित केला नाही.

पण खरी चूक पुढे घडली, आणि ती सांगण्यासाठीच मी हा लेख लिहायला घेतला. श्रावणात ओट्यामागची भिंत पूर्ण झाली. शेवटची फरशी कापून मी यंत्र पुसले, पिन काढली, वर ताडपत्री घातली आणि दुसऱ्या दिवशी सौ.सह चातुर्मासाच्या दर्शनाला व तेथून पुण्याला मुलाकडे गेलो. ट्रे रिकामा करायचा राहिला. दहा दिवसांनी परतलो आणि ताडपत्री उचलली. तळाला राखाडी चिखल घट्ट बसला होता, वर नितळ पाणी, आणि त्या नितळ पाण्यात शेकडो अळ्या वळवळत होत्या. दर आठवड्याला एक दिवस कोरडा पाळा, भांडी पालथी घाला, असे महापालिकेची गाडी कर्ण्यावरून सांगत फिरते. ती मी बँकेत असल्यापासून ऐकत आलो आहे.

मी ट्रेसमोर बराच वेळ उभा राहिलो. पाणी जमिनीवर ओतावे तर त्या तडफडून मरणार. तसेच ठेवावे तर दोन दिवसांत डास होऊन शेजारच्या तान्ह्या मुलाला चावणार. गप्पी मासे असलेल्या हौदात सोडणे म्हणजे तर माशांच्या तोंडी देणेच. कोणताही मार्ग निर्दोष नव्हता, कारण निर्दोष मार्गाची वेळ दहा दिवसांपूर्वी टळून गेली होती. ट्रे पालथा घालायला तेव्हा अर्धा मिनिट लागला असता. आचार्य उमास्वामींनी तत्त्वार्थसूत्रात हिंसेची व्याख्या करताना प्रमादाला अगदी आरंभी स्थान दिले आहे. हे मी स्वाध्यायात कित्येकदा वाचले, त्यावर एकदा पाठशाळेत बोललोही होतो. मुनींच्या पाच समितींपैकी दोन, वस्तू उचलण्या-ठेवण्यातील दक्षता आणि टाकाऊ द्रव्य टाकण्यातील दक्षता, या आपल्यासारख्या गृहस्थाला लागू नाहीत असे आपण मनोमन धरून चालतो. मी अखेर पाणी ओतले. कोठे ओतले ते सांगत नाही; सांगितल्याने काही बदलणार नाही. त्या वर्षीच्या दशलक्षणात क्षमावाणीच्या दिवशी मला मनात कोणाची क्षमा मागायची आहे, हे प्रथमच नेमके ठाऊक होते.

त्यानंतर ट्रेची शिस्त ठरली. काम संपले की चिखल वाळण्यापूर्वीच यंत्र ओल्या फडक्याने पुसायचे; वाळला की त्याचीच पुन्हा धूळ होते आणि सारा खटाटोप व्यर्थ जातो. ट्रेमधील पाणी बादलीत ओतून एक रात्र झाकून ठेवायचे. सकाळी वरचे नितळ पाणी परसातल्या मोकळ्या मातीवर, आणि तळचा गाळ गोणपाटावर घेऊन बांधकामाच्या राड्यारोड्याबरोबर. तो मोरीत कधीही ओतायचा नाही. मी एकदा ओतला होता. नळ दुरुस्त करणाऱ्याने पाइपातून जो घट्ट दांडा काढून दाखवला, तो मूर्तिकाराच्या कारखान्यात शोभला असता. चकती काढून कोरडी करायची, आसावर तेलाचे बोट फिरवायचे, वायरीवर कोठे चीर नाही ना ते पाहायचे आणि ट्रे पालथा. हे सारे पंधरा मिनिटांचे काम आहे. मी त्याची एक वही केली आहे. तारीख, किती फूट कापले, ट्रे पालथा, सही. बँकेत रोकड मोजताना दोघांच्या सह्या लागत. येथे दुसरी सही सौ.ची असते.

हे यंत्र घरात आल्यावर ते मागायला येणारे वाढले. रत्नकरंडक श्रावकाचारात अनर्थदंडाच्या पाच प्रकारांत हिंसादान सांगितले आहे. घात करू शकणारी साधने दुसऱ्याच्या हाती देणे. पूर्वी मला वाटे, यात तलवारी आणि कुऱ्हाडी आल्या, आपल्याशी काय संबंध? एका परिचिताच्या तरुण पुतण्याने यंत्र नेले आणि दोन दिवसांनी आणून दिले. ट्रे स्वच्छ होता. मला बरे वाटले. मग लक्षात आले की तो ओलाच झालेला नाही. चकतीची कड जळून निळसर पडली होती. त्याने सगळे काम कोरडे केले होते, बंद खोलीत. तेव्हापासून मी यंत्र हाती देण्यापूर्वी समोर एक फरशी कापून घेतो. काहींना ते अपमानास्पद वाटते. वाटो.

गेल्या वर्षी एका मंदिराच्या जीर्णोद्धाराचे हिशेब माझ्याकडे होते. मंडपाच्या पायऱ्यांना ग्रॅनाइट बसवायचे ठरले. नमुन्याचे काम पाहायला गेलो, तर दोन तरुण मुले आवारात कोरडा ग्रॅनाइट कापीत होती आणि दर्शनाला येणारी मंडळी पदराने, उपरण्याने नाक झाकून लगबगीने आत जात होती. मी समितीपुढे ठराव मांडला की काप पाण्यातच व्हावा आणि त्यासाठी चौरस फुटामागे चार रुपये दर वाढवून द्यावा. हा आकडा मी का निवडला, हे तेथे कोणाला ठाऊक नव्हते.

विरोध खर्चावरून होईल अशी माझी अपेक्षा होती. तो झाला वेगळ्याच बाजूने. एक वयोवृद्ध, व्रती सदस्य म्हणाले, दिवसभर इतके पाणी घुसळायचे म्हणजे अप्कायिक जीवांची केवढी विराधना! मंदिराच्याच कामात? त्यांचा प्रश्न प्रामाणिक होता. रात्रीभोजनत्यागापासून पाणी गाळण्यापर्यंत त्यांचे आचरण आमच्यापैकी कोणाहूनही निर्मळ आहे. मी त्यांना म्हटले, "काका, गृहस्थाच्या अणुव्रतात आपण त्रस जीवांची हिंसा सोडतो, स्थावरांची शक्य तेवढी टाळतो. येथे एका बाजूला दिवसाचे वीस लिटर गाळलेले पाणी आहे आणि दुसऱ्या बाजूला पंचेंद्रिय, मनसहित दोन मुले. पाणी वाचवून आपण त्यांची फुप्फुसे वापरतो आहोत." ते काही वेळ बोलले नाहीत. मग त्यांनी विचारले, "ते पाणी रोज सायंकाळी कोण काढणार?" मला वाटते, त्या बैठकीतला सर्वांत नेमका प्रश्न तोच होता. दुसऱ्या बैठकीत ठराव मंजूर झाला. कंत्राटदाराने पाण्यावरचे मोठे यंत्र भाड्याने आणले आणि ट्रे रिकामा झाल्याची नोंद काकांनी स्वतःकडे घेतली. कोणताही दिवस त्यांनी चुकवला नाही. मुले मात्र मुखपट्टी हनुवटीवर ठेवून काम करीत. ते अखेरपर्यंत सुधारले नाही.

आमच्या मिस्त्रींना मी यंदा माघात छातीच्या विकारांच्या डॉक्टरांकडे घेऊन गेलो. क्ष-किरण चित्र पाहण्यापूर्वी त्यांनी विचारले, "काम काय करता?" मिस्त्री बाहेर आल्यावर मला म्हणाले, "एवढ्या वर्षांत हे कुणी विचारलंच नव्हतं." दोन्ही फुप्फुसांत वरच्या भागी बारीक गाठींचे ठिपके आहेत. गेलेले परत येणार नाही. नवी धूळ टाळायची, एवढेच हातात आहे, असे डॉक्टर म्हणाले. काम सोडा, असेही म्हणाले. धाकटी मुलगी बारावीला आहे; काम सुटत नाही.

म्हणून आता यंत्र बहुतेक त्यांच्याकडेच असते. शनिवारी सायंकाळी ते आणून ठेवतात, ट्रे पालथा, चकती कोरडी, आणि वहीत तिसरी सही करतात. गेल्या सोमवारी ते यंत्र न्यायला आले तेव्हा सौ.ने जुन्या पंचाचे दुहेरी गाळणे शिवून ट्रेमध्ये ठेवले होते. मिस्त्रींनी ते उचलले, घडी उलगडून पाहिली आणि तोंडाला बांधू लागले. तिने घाईने त्यांना थांबवले, फडताळातून एन-95 मुखपट्ट्यांचे पाकीट आणून हातात दिले आणि मग ते गाळणे बादलीच्या तोंडावर कसे ताणून बांधायचे, हे त्यांना दाखवत परसात कितीतरी वेळ उभी राहिली.